शनिकांताची खाण

बेलमाळ, पालमजवळ
कार्तिक वद्य ३, शके १८६१

चि. शिवरुद्रास शांतम्माचे अ. उ. आ. थोरल्या बहिणीने आशीर्वाद लिहायची रीत आहे म्हणून लिहिले. इकडे क्षेम नाही.

तुझी मासिकातली गोष्ट गावात पोचली. शनीच्या एका चंद्रावर माळ, माळावर तीन पळस, खाली कोरडी बारव, आणि पोटात शनिकांत नावाचा सुपारीएवढा काळा दगड. एका खड्याच्या उबेवर म्हणे सबंध शहर थंडीत तगते. शनीच्या चंद्रावर पळस कुठून आले रे शहाण्या? तो माळ म्हणजे आपली रुद्रभूमी. आपली गेलेली माणसे तिथे मातीआड बसली आहेत.

कारभारी बन्सीधरने गोष्ट आबासाहेब जहागीरदारांना वाचून दाखवली. आपल्या मुलखात साध्या सभेला परवाना लागतो. ज्याला खरे बोलायचे तो कीर्तनात आडून बोलतो. आबासाहेबांनी ठरवले की चंद्र हा पडदा आहे आणि तुला खाणीचा सुगावा लागला आहे. कालपासून वेठीची माणसे धरून माळावर खोदकाम चालू आहे, आणि चर अप्पांच्या समाधीकडे सरकतो आहे. सगळे खोटे आहे असे ताबडतोब लिहून पाठव. मायला अजून सांगितलेले नाही.

शांतम्मा


हैद्राबाद
कार्तिक वद्य ८

ती. सौ. अक्कास शिवरुद्राचा शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचून डोके फिरले. त्या मूर्ख जहागीरदारावर चिडलो, आणि खोटे कशाला सांगू, तुझ्यावरही. मी गोष्ट लिहिली, दरोडा घातला नाही. पळस घातले कारण मला दुसरा माळ माहीत नाही.

शनिकांतही घरचाच आहे. लहानपणी अप्पा पूजेला बसले की मी त्यांच्या मांडीला टेकून बसे. त्यांच्या डाव्या तळहातावरचे इष्टलिंग एका अंगाला अंगठा टेकून टेकून चकाकत असे. हिवाळ्यात वाटायचे, घरातली ऊब तिथूनच येते. खऱ्या शनिकांताला एका अंगाला अशी चकाकी असते, हे गोष्टीत लिहिले ते त्यावरूनच. आबासाहेबांसाठी सोबत चिठ्ठी जोडली आहे, की असला दगड चंद्रावर नाही आणि पृथ्वीवरही नाही. त्यांच्या तोंडावर मार.

मायला सांभाळावे. राग ओसरला की लोभ करावा.

शिवरुद्र


बेलमाळ
कार्तिक वद्य १३

शिवरुद्रा,

तुझी चिठ्ठी वाचून आबासाहेब हसले. खाण नसती तर नाही म्हणायला इतकी घाई केली नसती, म्हणाले.

काल त्यांनी समाध्या फोडल्या. आपण लिंग करंड्यात घालून गळ्याशी झाकून ठेवतो, परक्याच्या नजरेस पडू देत नाही. म्हणून याच गावात जन्म काढूनही त्यांनी ते कधी पाहिलेले नाही. गेलेल्याच्या डाव्या हातावर लिंग ठेवूनच आपण माती देतो; पहिल्याच समाधीत हाडांपाशी काळा, गुळगुळीत दगड निघाला, आणि शनिकांत, शनिकांत असा ओरडा झाला. मग एकेक करून सगळ्या उकरल्या. अप्पांचीही, सिद्धम्माच्या लेकराचीही. हे आमचे देव आहेत असे ओरडून सांगितले, तर तुम्ही लोक पिढ्यान्‌पिढ्या खाण राखत बसलात म्हणतात. वेठीवरच्या लिंबाजीने कुदळ फेकली. त्याला झाडाला बांधून मारले.

मायला कळले आहे. ती आबासाहेबांच्या हवेलीकडे बघत बसते. तुझ्या लेखणीला आग लागो.

शांतम्मा


हैद्राबाद
मार्गशीर्ष शुद्ध २

ती. अक्कास शि. सा. न.

रजा मिळो न मिळो, निघतो आहे. त्या माणसाला मी सोडणार नाही. तोवर मायला हवेलीकडे जाऊ देऊ नकोस, पाया पडतो.

शिवरुद्र


बेलमाळ
मार्गशीर्ष शुद्ध ६

चि. शिवरुद्रास आशीर्वाद.

रजा मिळो न मिळो निघतो म्हणालास, पण अजून आला नाहीस, म्हणजे तिथेच अडकला असशील. माय तुझ्या पत्राआधीच हवेलीकडे गेली. सकाळी आंघोळ करून हवेलीच्या पायरीवर बसली, करंडा उघडला, लिंग तळहातावर घेतले आणि चारचौघांच्या देखत पूजा मांडली. आपल्या घरात असे कुणी केलेले नाही. मला लाज वाटली, आणि मग लाजेचीच लाज वाटून मी शेजारी बसले. सिद्धम्मा आली, कस्तुराबाई आली, गल्ली भरली. ज्या त्या तळहातावर तोच काळा दगड. मायने आबासाहेबांना एवढेच सांगितले, की आमी समद्या खाणीच हाव, आता आमाला खंदा.

ते पाठ फिरवून आत गेले. थोड्या वेळाने बन्सीधरने टोपली आणून ठेवली. समाध्यांतली सगळी लिंगे एकात एक मिसळलेली. कुठले कुणाचे, सांगता येईना. माय टोपलीपाशी तशीच बसून राहिली.

तेव्हा मला तुझी गोष्ट आठवली. एकेक उजेडाकडे धरून फिरवले. एकाला अंगठ्याची चकाकी होती. माळावर जाऊन अप्पांचा डावा हात होता त्या जागी ते ठेवून माती लोटली.

बाकीच्यांवर कुणी गोष्ट लिहिलेली नव्हती. ती आम्ही अंदाजाने ठेवली. सिद्धम्माने दोनदा विचारले, हे माझ्या लेकराचेच ना. मी हो म्हटले.

लोभ आहेच, राग त्याहून मोठा आहे. दोन्ही घ्यायला ये, आणि सिद्धम्माच्या दारावरून जाताना मान खाली घालून ये.

शांतम्मा