वाचक एकच

४ ऑक्टोबर

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तुझा पाय आता बरा असेल. इथे माझ्या मात्र पायाखालची जमीन सरकली आहे. आपल्या रुग्णालयाच्या ग्रंथालयातलं परिचारिकांचं मासिक बंद करायचं समितीने जवळपास ठरवलंय. तीस तारखेच्या बैठकीत शिक्कामोर्तब होईल. गेल्या वर्षी छापील अंक थांबवून आपण संगणकावरची वर्गणी घेतली, आणि आता संगणक सांगतो की वर्षभरात त्याला वाचक एकच. अध्यक्ष डॉक्टरांनी तो कागद माझ्यापुढे धरला तेव्हा मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

रोज दुपारी ड्यूटी संपली की दहा-बारा जणी त्या पडद्यापुढे गर्दी करतात, हे मी डोळ्यांनी बघते. मग आकडा असा कसा? हे मासिक तू भांडून आणलंस आणि तुझ्याच खुर्चीत बसून मी ते घालवणार, या विचाराने घास उतरत नाही. काही सुचलं तर लगेच कळव.

तुझी,
ठमी

९ ऑक्टोबर

चि. ठमीस अनेक आशीर्वाद.

पाय बरा आहे, डोकंही अजून चालतं. त्या यंत्रापुढे बसणार नाही असं ठणकावून मी निवृत्त झाले, तेव्हा त्यातलं मला काही कळत नाही. पण तुला ओळखते. नवा अंक आला की मी तो खिडकीजवळच्या टेबलावर उघडून ठेवायचे, कारण दमलेल्या बायका बंद अंकाला हात लावत नाहीत. तूही सकाळी आल्या आल्या तेच करतेस ना, पडद्यावर, तुझ्या नावाने? मग साऱ्या जणी दिवसभर तुझ्याच नावावर वाचतात. तो एक वाचक तूच आहेस, शहाणे.

वळण माझंच, त्यामुळे तुला ओरडत नाही. उद्यापासून पडदा बंद ठेव आणि प्रत्येकीला आपापल्या नावाने अंक उघडायला लाव. कुरकुर करतील, करू देत. तीन आठवडे पुष्कळ झाले. जेवत जा.

आशीर्वाद आहेतच, पत्राची वाट बघते.
आत्या

३१ ऑक्टोबर

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

मासिक राहिलं. तेही पुढची तीन वर्षं.

पहिले दोन दिवस सगळ्यांनी माझा उद्धार केला. एकीने पासवर्ड तळहातावर लिहिला आणि वॉर्डात हात धुताना घालवला. मग मुख्य परिचारिका स्वतः शिकल्या आणि उरलेल्यांना शिकवायला माझ्याशेजारी ठाण मांडून बसल्या. बैठकीत वाचक निघाले एकशे सत्तेचाळीस. अध्यक्षांनी विचारलं, यंत्र बिघडलंय का. मी माझ्या चुकीसकट सगळं सांगून टाकलं. त्यांनी चष्मा पुसला, सगळ्यांत जास्त वाचलेला लेख कुठला ते विचारलं आणि स्वतःचं नाव घालून तो तिथेच उघडला. आत्या, मला इतका आनंद नोकरी लागली तेव्हाही झाला नव्हता.

एक तक्रार मात्र आहे. वाचकांच्या यादीत शेवटचं नाव तुझं निघालं, तुझ्या जुन्या सभासद क्रमांकासकट, सात. त्या यंत्रापुढे कधी बसलीस आणि शिकवलं कोणी, हे मला कळलंच पाहिजे. तू आता नोकरीत नाहीस, म्हणून तुझा तो एक मी मोजणीतून वजा केला. तरीही आपण जिंकलो. तुझं नाव असलेला यादीचा कागद मी बैठकीनंतर मागून घेतला, आता माझ्या टेबलाच्या काचेखाली आहे.

लोभ आहेच, त्यात थोडा ओरडा मिसळलास तरी चालेल.
तुझी,
ठमी