निलखाडीचा आरसा आणि त्याची दुसरी कॅसेट

बिस्मिल्लाह करून लिहायला घेते. मी शरफुन्निसा, मरहूम गफूर यांची बेवा, वय एकाहत्तर, मूळची दाभोळ खाडीकाठची, सध्या मुक्काम आखातात, बुरैदा शहरी, मुलगा सुफियानच्या घरी. माझी शाळा तिसरीपर्यंत, तरी हे मृत्युपत्र माझ्याच हातचे आहे. काना-मात्रा हुकला तर वाचणाऱ्याने सुधारून घ्यावा. डोके ठिकाणावर आहे. साखर वाढली आहे पण ती रक्तात. डॉक्टर सत्यजित खाली तसे लिहून देतील. कोणाची जबरदस्ती नाही. उलट इतकी खुशीत मी सुफियानच्या लग्नातही नव्हते.

१. गावचे घर, सोने आणि बँकेत असेल ते शरियतीप्रमाणे ज्याचे त्याला. त्यात मी तोंड घालत नाही.

२. खोबऱ्याची विळी सून अफशाँला. सहा वर्षांत तिने तिला हात लावला नाही, सगळे मिक्सरमध्ये. आता माझी आठवण म्हणून ओट्यावर ठेवावी आणि येताजाता लाजावे.

३. आता मुद्द्याचे. निलखाडी नावाचा मुलूख माझ्या मालकीचा आहे. तो नकाशात नाही, मी केला. गफूर इथे खजुरांच्या बाजारात पेट्या उचलायचे, मी गावात. तेव्हा येणाऱ्या-जाणाऱ्याबरोबर आवाज भरून कॅसेट पाठवायची रीत होती. बाकीच्या बायका सासूची गाऱ्हाणी भरायच्या. मी गोष्ट भरली. निलखाडीत पाणी वर आणि आभाळ खाली. तिथल्या झुमरा राणीकडे काळ्या तांब्याचा आरसा. ओहोटीच्या पाण्याने धुवून विचारले की पुढचे-मागचे सगळे दाखवतो, पण दर सवालाला विचारणाऱ्याच्या डोक्यातून एक नाव पुसून घेतो. मुलूख वाचवता वाचवता राणी सगळ्यांची नावे विसरते. लेकीचे तेवढे उरते. दुश्मनाची गलबते दिसतात, राणी आरशापुढे उभी राहते, आणि तिथे कॅसेट संपली.

४. ती पहिली कॅसेट धाकटी बहीण इस्मत हिच्या नवऱ्याबरोबर, हाशमबरोबर, पाठवली. त्याने ती आधी इथल्याच दुसऱ्या शहरात, खमीस मुशैतला, आपल्या घरी नेली, आणि नवरा-बायकोने आठ दिवस ऐकली. दुसऱ्याच्या बायकोची कॅसेट! पुढची गोष्ट मी चिपळूणच्या एका नर्सबरोबर थेट बुरैदाला धाडली. म्हणून इस्मतला अर्धीच ठाऊक. ती अर्धी तिने तीस वर्षे बायकांच्या बैठकीत आपली म्हणून सांगितली, आणि गेल्या साली तिच्या नातवाने, झयानने, तिचे पुस्तक छापले. मागे इस्मतचा फोटो, चष्मा लावून. आणि तिच्या पुस्तकात आरसा फुकट उत्तर देतो! अगं, फुकट तर व्हिसा देणारा कफीलसुद्धा कागदावर सही करत नाही.

५. बकरी ईदला मी सगळ्यांदेखत म्हटले, "इस्मत, ही तर माझी गोष्ट."

ती हसली. "आपा, तुझी? तू तर मनिऑर्डरीवर अंगठा लावायचीस."

सगळे हसले. सुफियानही हसला, म्हणून गफूरचे घड्याळ त्याला नाही, गावच्या मशिदीला.

६. मागल्या आठवड्यात तिचा फोन आला. "आपा, पुस्तकाचा दुसरा भाग छापायचाय. राणीचं पुढं काय होतं गं?"

"तुझी राणी, तुला ठाऊक."

"मी विसरले."

"मग आरशाला विचार."

"आपा, टोमणे नको ना! झयान शाळेत सांगून बसलाय, पोराची इज्जत जाईल."

"ये बुरैदाला. मला मृत्युपत्रावर साक्षीदार हवाय."

फोन ठेवून मी दोन वेळा शिरा खाल्ला. डॉक्टरांनी हे वाचून रागवू नये.

७. निलखाडी, आरसा, राणी आणि दोन्ही कॅसेटी मी नात लाइबा हिला देते. बाप हयात असताना नातीला वारसा मिळत नाही, म्हणूनच वसियतीने देता येते, असे इमामसाहेबांनी सांगितले. तिने पूर्ण गोष्ट छापावी. वर माझे नाव, मागे माझा फोटो, चष्म्याशिवाय.

८. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही देऊ नये म्हणतात. म्हणून इस्मतला काही देत नाही. मात्र हे सगळे स्वतः मोठ्याने वाचून, खाली आपल्या हाताने खरे ते लिहून सही केली, तर तिला दुसरी कॅसेट एकदा ऐकवावी. ऐकावी, छापू नये. लाइबाने टेप दुरुस्त करून आणला आहे. सही नाही केली तर चहा पाजून विमानतळावर सोडावे. बहीण आहे, उपाशी पाठवू नये.

बुरैदा, शुक्रवार, ७ फेब्रुवारी २०२५
शरफुन्निसा गफूर (सही केली आहे, अंगठा नाही)

साक्षीदार पहिला: डॉ. सत्यजित. बाई पूर्ण शुद्धीवर आहेत. शिरा बंद.

साक्षीदार दुसरी: मी इस्मत हाशम, राहणार खमीस मुशैत. वरचे मोठ्याने वाचले, अफशाँ आणि सुफियानसमोर. निलखाडी आपाची आहे. आरसा आपाचा आहे. मी टेपवर ऐकला आणि माझा म्हटला. सही केली आहे. आपा, खलास, आता लाव ती कॅसेट.