तळ नसलेली म्हैस

९ नोव्हेंबर २०२४
काचबिंदू. डावा डोळा गेलाच, उजव्यालाही कडेचं दिसत नाही. डॉक्टर म्हणाले, गेलेलं परत येणार नाही. एकतीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवली — आणि आता हे.

१४ नोव्हेंबर
अवंतिका कॅनडाहून आली. आल्या आल्या लेकीने हातात एक दगडी सील ठेवला, बर्फाच्या समुद्रातला तो गुबगुबीत प्राणी. तिथे उत्तरेच्या बर्फाळ मुलखातल्या एका इनुइट बाईंनी कोरलेला. टेबलावर ठेवायला गेले तर कलंडला. तळच नाही त्याला! "आई, ठेवू नको. धर." हातात फिरवायलाच करतात म्हणे असे. धरला. पाठीचा बाक, पोटाचा भार, वळलेली मान — सगळं बोटांना कळलं. तासभर सोडवेना.

२ डिसेंबर
इथल्याच, नर्मदाकाठच्या भेडाघाटचा मऊ दगड आणला, सराफ्यातून सोनारांच्या बारीक कानशी. रत्नाकर वैतागले. "काहून जिवाला त्रास करून घेऊन राहिली? बोट कापून घेशील." ऐकून घेतलं, कानस चालूच ठेवली. नवऱ्याचं न ऐकण्याची ही तशी पहिलीच वेळ.
सील नाही करणार, तो त्या इनुइट लोकांचा. मी म्हैस करतेय. नर्मदेत डुंबणारी.

११ जानेवारी २०२५
बोट कापलं. दगडावर नाही — मेथी चिरताना.

२३ फेब्रुवारी
हस्तकलेचं प्रदर्शन आणि स्पर्धा. तिघा परीक्षकांनी म्हैस टेबलावर ठेवली, ती आडवी झाली. "मैडम, ये तो खड़ी ही नहीं होती." दोघं पुढे निघालेसुद्धा. मी तिसऱ्यांना म्हटलं, "सर, आँखें बंद कीजिए. हाथ दीजिए." म्हैस त्यांच्या तळव्यावर ठेवली. ते फिरवत राहिले, फिरवत राहिले. मग हळूच म्हणाले, "अरे... ये तो पानी में है."
दोघं परत आले.
पहिलं बक्षीस! रत्नाकर हाताला धरून मंचावर घेऊन गेले. खाली उतरल्यावर भेटेल त्याला सांगत होते, "हिनं केली. हातानं बघून."
घरी येऊन दोघांनी पोटभर जिलेबी खाल्ली.

२ मार्च
अंधशाळेतून फोन. मुलींना शिकवायला याल का? पुढचं काही न विचारता हो म्हटलं.

१७ मार्च
ओळीखाली पट्टी धरून, अंदाजाने लिहितेय. सकाळी डॉक्टरांनी सांगितलं, उजवाही गेला. दुपारी शाळेत पहिला तास. बारा मुली, बारा दगड. एकीने विचारलं, "मैडम, आपको दिखता है?"
"नहीं."
"तो ठीक है," ती म्हणाली, आणि दगड उचलला.