चेंडू खांबाच्या बाहेर गेला त्याबद्दल

फ्लॅट बुश, ऑकलंड
रविवार, दुपारचा चहा झाल्यावर

सौ. स्नेहलताताईंना सुरेखाचा नमस्कार. विहिणीला खरं तर वाकून करायला हवा, पण माझा गुडघा परवानगी देत नाही, तेव्हा उभ्यानेच गोड मानून घ्या. तुमची पाठ कशी आहे? भाऊसाहेबांनी जेवणानंतरचा पेढा सोडला का? आम्ही सगळे मजेत. थंडी पडली आहे, सागरचं निम्मं आयुष्य मोटरवेवर जातं, आणि नील मी मराठीत विचारलेल्या प्रत्येक गोष्टीचं उत्तर इंग्रजीत देतो (लाडू हवा असला की मात्र शुद्ध मराठी). हे सगळं फोनवर सांगता आलं असतं, पण फोनवर तुम्ही मध्ये बोलता.

तर, तुम्हाला सांगितलं होतं तसं मृदुलाचं बोट गाडीच्या दारात सापडलं नव्हतं. आधी बसून घ्या. तुमची मुलगी गेलिक फुटबॉल खेळते, आणि आजकाल नाही, चांगली दहा वर्षं. हा आयरिश लोकांचा खेळ. नाव फुटबॉल, पण चेंडू हातात घेऊन पळायचं. चार पावलं झाली की तो जमिनीवर आपटायचा नाहीतर पायाने उडवून परत हातात घ्यायचा, आणि हे चालू असताना बाकीच्या बायका अंगावर येतात. तुम्ही दहावीच्या वर्षी तिचा खो-खो बंद केलात ना (भल्यासाठीच केलात, मी काही म्हणत नाही), तो बंद झालाच नव्हता, नुसता दबा धरून बसला होता. ख्राइस्टचर्चला शिकायला आली तेव्हा रिकार्टनच्या घरात तिच्यासोबत ईफा नावाची आयरिश नर्स राहायची. (त्यांच्यात नाव लिहितात एक आणि म्हणतात भलतंच, पण पोरगी गुणी.) एका शनिवारी ईफाच्या टीमला एक बाई कमी पडली. मॅचनंतर जेवण आहे एवढंच ऐकून मृदुला गेली. चेंडू पोटाशी धरून ती अशी सुटली म्हणे, की रेफरीची शिट्टी तिला मैदान संपल्यावर ऐकू आली. मग कुठले सोडतायत तिला! नोकरी ऑकलंडला लागली, लग्न झालं, नील झाला, ईफाही मागोमाग इकडे आली, आणि दोघी पुन्हा एकाच टीममध्ये.

मला इथे आल्यावर सांगण्यात आलं की सूनबाई रविवारी योगाला जातात. मी म्हटलं असेल. पण ताई, योगासनं करून कोपरापर्यंत चिखल कसा लागतो? एका रविवारी मी सरळ गाडीत जाऊन बसले. मनात होतं की तिथेच चार शब्द सुनवायचे. पोचलो, मॅच सुरू झाली, आणि पिवळ्या शर्टातल्या एका धिप्पाड बाईने आपल्या मृदुलाला खांद्याने असं काही ढकललं की माझे ते चार शब्द त्या पिवळीलाच मिळाले, तेही भर मैदानात. तेव्हापासून एक मॅच चुकवली नाही. थर्मासमध्ये चहा नेते, डब्यात थालीपीठं नेते. आयरिश लोक तिखट खाऊन लाल होतात, पण मागून घेतात.

आता मुख्य गोष्ट. मागच्या रविवारी पापाकुराच्या बाजूला फायनल होती. या खेळात गोलाला इंग्रजी एचसारखे उंच खांब असतात. चेंडू आडव्या दांडीखालून जाळीत गेला तर तीन गुण आणि हिरवं निशाण, दांडीवरून खांबांच्या मधून गेला तर एक गुण आणि पांढरं. निशाण दाखवायला गोलामागे माणूस लागतो, आणि तो माणूस ऐनवेळी आजारी पडला. ईफा धावत माझ्याकडे आली. म्हणाली, तुमच्याइतकं डोळे फाडून इथे कुणीच बघत नाही. मी म्हटलं, अगं माझी सून खेळतेय! तर म्हणे इथला प्रत्येकजण कुणाचा ना कुणाचा कुणीतरी आहेच. दुसऱ्या टीमनेही मान डोलावली. झालं, पंजाबी ड्रेसवर डॉक्टरसारखा पांढरा कोट, हातात दोन निशाणं, पायात जँडल्स (इथे रबरी स्लिपरला तसं म्हणतात; चिखलाची कल्पना कुणी दिली नव्हती), अशी मी उभी.

शेवटच्या मिनिटाला आपण एका गुणाने मागे. मृदुला चेंडू घेऊन निघाली. आपटला, उडवला, पिवळीला चकवलं, आणि थेट माझ्या दिशेने! तिने लाथ मारली, चेंडू खांबाच्याही वर गेला, आणि सगळं मैदान माझ्याकडे बघायला लागलं. मला तो बाहेरून जाताना दिसला. बोटभर, पण बाहेर. दोन्ही हात डोक्यावर नेऊन मी फुली केली. रेफरी येऊन म्हणाला, “शुअर?” मी म्हटलं, “शुअर.” शिट्टी वाजली. आपण हरलो. पिवळीने मला उचलून मिठी मारली, ते आणखी वाईट.

गाडीत नील म्हणाला, “आजी, दॅट वॉज हार्श.” घरी मृदुलाने पोळ्या लाटल्या, त्यात लाटणंच काय ते बोलत होतं. ताटं वाढल्यावर तिने विचारलं, “आई, खरंच बाहेर दिसला?” मी म्हटलं, “आत दिसला असता तर मी निशाणासकट नाचले असते.” ती फिसकन हसली आणि माझ्या पोळीवर तुपाची धार धरली.

आणि गुरुवारी फोन! मृदुलाची न्यूझीलंडच्या टीममध्ये निवड झाली! आयर्लंडला स्पर्धा आहे, दोन आठवडे. सागर ओरडला, नील सोफ्यावरून उडी मारून पडला, मी गुडघा विसरून मृदुलाला गच्च धरलं. रागावू नका ताई. पोरीचं कौतुक करा. भाऊसाहेबांना नमस्कार.

तुमची,
सुरेखा

ता. क. तुम्ही तेवढ्या दिवसांसाठी इथे नीलला सांभाळायला याल का? मी असतेच म्हणाल, तर नाही. त्या लोकांना माझा खरेपणा फार आवडला, निशाणं धरायला मलाही नेतायत. व्हिसाचं सागर बघेल. येताना मेतकूट आणा.

ता. क. २ : आई (म्हणजे तू), पत्र मी पाकिटात घालताना वाचलं. सगळं खरं आहे, फक्त चेंडू आत होता. पण तू ये. – मृदुला