थोरलीची पानं

९ एप्रिल

"बाई, तुम्ही गोंद बघा. पानं आम्ही बघतो." — सर आज सगळ्यांसमोर म्हणाले. बावीस वर्षं या संग्रहालयात वाळलेल्या वनस्पती जाड कागदावर चिकटवते आहे. कपाटांतल्या निम्म्या शीटच्या मागे पेन्सिलने माझं आद्याक्षर आहे. तरी मी गोंदवालीच!

झालं असं — अकरा वर्षांपूर्वी सरांनी डोंगरावरून आणलेली एक वेल त्यांना आता नवी प्रजाती म्हणून जाहीर करायची आहे. लेख तयार आहे. नावही ठरलंय, त्यांच्या गुरूंचं. ज्या शीटवरून सगळं वर्णन लिहिलं, ती आज टेबलावर होती. मी सहज डोकावले आणि थबकले. फुलं थोरलीची, पण पानं दुसऱ्याच कुणाची. तसं बोलून दाखवलं, तर हे उत्तर.

थोरली हे आत्याकडचं नाव. आत्या त्याच डोंगराच्या कड्याखाली राहते. ती आणि आतोबा कड्यावरचा मध काढत. चढताना आधी वेल धरायची, मग पाय टाकायचा — थोरल्या बहिणीचा हात धरतात तसं, म्हणून थोरली. तिच्या सालीचा दोर वळायचा. माशी चावली की पाला चोळायचा. आणि फुलते तेव्हा तिच्या अंगावर एक पान नसतं! पालवी येते फुलं झडल्यावर. मग एकाच शीटवर दोन्ही कुठून आली?

सर कड्यावर चढलेच नसणार. खालून आकडी लावून ओढलं असेल, आधाराच्या झाडाची फांदीही सोबत आली असेल.

१६ एप्रिल

पुन्हा सांगून पाहिलं. सर म्हणाले, "पुरावा आणा. आत्या म्हणजे पुरावा नव्हे."

लेबलं टाइप करणारी माझी मैत्रीण डब्याच्या वेळी म्हणाली, "दोन वर्षांनी निवृत्त होणार तू. कशाला वाकड्यात शिरतेस? नोकरीवर गदा आणतील." आणू देत. आत्याच्या वेलीला परक्याची पानं लावून कुणी तिचं बारसं करणार आणि मी गोंद ढवळत बसणार? जमायचं नाही.

१७ एप्रिल

रजेचा अर्ज दिला. कारण — 'खासगी'.

६ मे

चढले! गुडघे सोलले, साडी नव्हे तर मुलाची जुनी पँट घालून चढले. आत्या खालून ओरडत होती. चौऱ्याहत्तर वर्षांची झाली, पण आवाज तोच. "डावा पाय. डावा म्हटलं ना! इतकी शिकलीस, डावा-उजवा नाही शिकलीस?"

फुलं झडलीत, नवी पालवी आलीय. पान गोल, टोकाशी निमुळतं, खालून लव. शीटवरची पानं लांब, कडेला दाते. दोन फांद्या तोडल्या, तिथेच दाबून ठेवल्या.

जेवताना आत्याला गुरूंच्या नावाचं सांगितलं. तिने विचारलं, "त्यांनी कधी धरलीय का तिला?" मी म्हटलं, ते वारून तीस वर्षं झाली. "मग त्यांना आता नावाची काय घाई?" मला ठसका लागला.

१३ मे

आमच्याकडे एक रीत आहे. एखाद्या शीटबद्दल ज्याला वेगळं वाटेल त्याने छोटी चिठ्ठी लिहायची, तारीख-सही करायची, शीटवरच चिकटवायची. एकदा लागलेली चिठ्ठी कुणीही काढायची नाही, अगदी चुकीची असली तरी. बावीस वर्षं दुसऱ्यांच्या चिठ्ठ्या मी चिकटवल्या. आज पहिली माझी.

"पानं या वेलीची नाहीत. खरी पानं सोबतच्या शीटवर. डोंगरावरचं नाव — थोरली."

चिठ्ठी सरळ लागली.

१४ मे

"काढा ती." — सर.

"सर, चिठ्ठी काढत नाहीत. तुम्हीच शिकवलंत."

तोंड लाल झालं त्यांचं. मला आनंद झाला. खोटं कशाला लिहू, खूप झाला.

२३ मे

लेख तपासणाऱ्या बाहेरच्या तज्ज्ञांचं पत्र आलं. शीटच्या फोटोत चिठ्ठी पाहिली, आक्षेप गंभीर आहे, दौऱ्याची मूळ वही दाखवा. आता होऊन जाऊ दे सोक्षमोक्ष! सर खाली मान घालून म्हणाले, "वही कुठे आहे ते तुम्हालाच ठाऊक असेल. उद्या शोधून द्या." देते की. अगदी आनंदाने.

२४ मे

वही सापडली. सरांचं अक्षर — 'कड्यावर चढून तोडली. ४१: वेल, फुलं. ४२: आधाराचं झाड, पानं. वेगवेगळ्या शीटवर लावणे.'

शीट उलटून पाहिली. मागे पेन्सिलने माझं आद्याक्षर. ४१ आणि ४२ या दोन नमुन्यांच्या पुड्या मीच एका कागदावर लावल्या होत्या. थोरली माझ्या हाताखालून गेली आणि मी तिला ओळखलं नाही. सरांनी माझ्या कामावर विश्वास ठेवून लेख लिहिला.

वही माझ्याशिवाय अजून कुणी उघडलेली नाही. ते एक पान फाडायला किती वेळ लागला असता?

दुसरी चिठ्ठी लिहिली. "पानं आणि फुलं एकत्र लावण्याची चूक माझी." तारीख, सही. पहिलीच्या खाली चिकटवली. वही सरांच्या टेबलावर उघडून ठेवली. गोंद मीच केलेला आहे, सुटणार नाही.