शेवटचं घुंगरू

लाडके तेजू,

तुझं पुस्तक हुपरीत पोचलं. शेजारची पोरगी मलाच त्यातलं तत्त्वज्ञान शिकवत हुती. म्हणं, त्या जगात माणूस पैंजण घालूनच जन्मतो, आन् खोटं बोललं की एक घुंगरू गळतं. अगं, पैंजणाला घुंगरं लावताना ते जग मीच तुला सांगितलं हुतं की! पुस्तकात माझं नाव कुठं हाय?

भांडायलाच कागद घेतला, पर धाडणार न्हाय. माझ्या गोष्टीत शेवटचं घुंगरू गळलं की माणूस मरायचा. तू लिवलंस, तो मरत न्हाय; आपलं पैंजण मुकं झालं की त्याला पहिल्यांदा दुसऱ्याचं पैंजण ऐकू येतं. हे मला सुचलं न्हाय, म्हणून जळतीया मी.

त्या पोरीला मात्र ठणकावून सांगितलं, "शेवटबी माझाच हाय."

एक घुंगरू कमी झालेली,
तुझी अक्का