पोकरच्या टेबलासह राहत्या घराची निरवानिरव

मी, सौ. विजयश्री धनेश हुंबे, वय वर्षे त्रेसष्ट, धंदा शिवणकाम व घरकाम, मूळ गाव भूम, जिल्हा धाराशिव, हल्ली राहणार चिखली, पिंपरी-चिंचवड, आज रविवारी दुपारी आपल्याच घराच्या पुढच्या खोलीत बसून, कोणाच्या दाबाखाली न येता, कोणाच्या गोड बोलण्याला न भुलता, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. माझी बुद्धी शाबूत असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. डॉक्टर आमच्या घरी कधी आलेले नाहीत आणि पुढच्या खोलीतले टेबल त्यांनी पाहिलेले नाही, त्यामुळे दाखला सहज मिळाला.

येत्या गुरुवारी माझ्या हृदयाची झडप बदलायची आहे. हल्ली हे अगदी नेहमीचे ऑपरेशन आहे, असे डॉक्टर म्हणतात. त्यांना नेहमीचे असेल, मला पहिल्यांदाच आहे. म्हणून मागे राहणाऱ्यांची भांडणे आधीच मिटवून जाते. नवी भांडणे त्यांनी आपापल्या हिमतीवर करावीत.

कलम १. राहते घर.

चिखलीतले हे खाली दोन व वर एक अशा खोल्यांचे घर आणि त्याखालची जागा माझ्या एकटीच्या नावावर आहे. हे वाचून कोणी माझ्या पतीच्या प्रेमाचे कौतुक करू नये. बाईच्या नावावरच्या घराला घरपट्टीत सूट मिळते, हे त्यांना टपरीवर कळले आणि लगेच बक्षीसपत्र झाले. लग्नापासून मला मिळालेले हे त्यांचे सर्वांत मोठे बक्षीस, आणि तेही सवलतीतले. असो. कागद पक्का आहे आणि घर माझे आहे.

माझ्या पश्चात माझे पती श्री. धनेश यांना सदर घरात तहहयात राहण्याचा हक्क राहील. मात्र हे घर विकण्याचा, गहाण टाकण्याचा, बक्षीस देण्याचा किंवा बिल्डरशी करार करण्याचा कोणताही अधिकार त्यांना राहणार नाही. त्यांच्यानंतर घर मुलगा चि. सुजित आणि मुलगी सौ. निशिगंधा यांचे निम्मे-निम्मे. ही सगळी व्यवस्था पाहण्याचे काम निशिगंधेने करावे. ती माझ्यावर गेली आहे, त्यामुळे कोणी तिच्याशी फार वाद घालणार नाही.

हे असे का, तेही लिहिते, म्हणजे आईला कोणीतरी पढवले असे पुढे म्हणायला नको. सुजित हिंजवडीला नोकरीला आहे, राहतो रावेतला. पोरगा वाईट नाही. त्याला फक्त दिसेल ते मार्गी लावायची सवय आहे. माझ्या ऑपरेशनची तारीख ठरली त्याच संध्याकाळी त्याने आमचे उरलेले आयुष्यही मार्गी लावले.

"आई, चिखलीचं काढून टाकू. इकडेच मोठा फ्लॅट घेऊ. बाबांना सेपरेट रूम."

तशी एक सेपरेट रूम त्याच्या आताच्या घरातही आहे, ती मी पाहून आले. तिथे चालायचे यंत्र आहे आणि त्यावर कपडे वाळत असतात. खिडकीतून एक्स्प्रेसवे दिसतो. "बाबा मस्त गाड्या बघत बसतील," म्हणाला. ज्या माणसाने सगळी नोकरी गाड्यांचेच भाग बनवण्यात घालवली, त्याने आता त्या जाताना बघायच्या. टेबलाचे काय, असे विचारले तर म्हणाला, "आई, ते कोण घेणार? भंगारवालापण हात जोडेल."

आणि सुजित सांगेल तिथे श्री. धनेश सही करतील, हे मला पक्के ठाऊक आहे. त्यांना पोराला नाही म्हणता येत नाही. मला म्हणता येते, कारण नाही म्हणण्याचा सराव होण्याइतकी वर्षे मला यांच्याबरोबर मिळाली.

कलम २. टेबल.

पुढच्या खोलीतले पोकर खेळायचे टेबल माझ्या पतींच्या हयातीत आहे त्या जागेवरून हलवू नये. त्याची हकीकत न सांगता ते कोणाच्या गळ्यात घालणे म्हणजे फसवणूक होईल, म्हणून सांगते.

श्री. धनेश भोसरीच्या एका कारखान्यात टूलरूमला, म्हणजे साचे आणि हत्यारे बनवायच्या खात्यात, होते. कारखाना बंद झाला. त्यानंतरही हे फर्स्ट शिफ्टच्या वेळेला उठत, दाढी करत, बूट घालत आणि दारापुढच्या ओट्यावर जाऊन बसत. दुपारी डबा मागत आणि तिथेच बसून खात. काही विचारले तर "हं". असे कित्येक महिने चालले. मला भीती वाटायची, खरेच भीती वाटायची, की हा माणूस बसल्या जागी विझून जाईल आणि मला आत कळणारही नाही.

अशात सुजितने फोनवर एका टेबलाचा फोटो पाठवला. तो मित्रांबरोबर पोकर खेळतो. यांनी फोटो मोठा करून खूप वेळ पाहिला आणि कित्येक महिन्यांनी पहिले पूर्ण वाक्य बोलले. "असलं विकत कशाला घ्यायचं? घरी होतं."

मग दोस्त जमले. देहूरोडच्या ऑर्डनन्स फॅक्टरीतून निवृत्त झालेले बुद्धरत्न ओव्हाळ, चाकणला गाड्यांच्या सीट बनवणारे जयसिंगराव, आणि आमच्या मागच्या आळीचे दत्तोबा, ज्यांची सगळी जमीन प्लॉटिंगमध्ये गेली आणि वेळ तेवढा शिल्लक राहिला. पोकर या चौघांपैकी एकालाही येत नव्हते. त्याची अडचण कोणाला वाटली नाही. ज्या गाड्यांचे भाग बनवले त्याही त्यांना कुठे चालवता येत होत्या.

फोटोवरून यांनी मापाचे ड्रॉइंग काढले. चाकणला परदेशातून मशिनी येतात त्यांच्या लाकडी पेट्या फोडून सांगाडा झाला. अजूनही एका पायावर बाण आणि छत्रीचे चित्र आहे, म्हणजे ही बाजू वर ठेवावी व पावसात भिजवू नये. वरच्या प्लायवर पिंपरी कॅम्पातून आणलेली हिरवी मखमल लावली. ती इतकी दाट निघाली की सरकवलेला पत्ता जागचा हलेना. ती काढून सुटाचे कापड लावले. कडेला फोम आणि रेक्झिन जयसिंगरावांनी बसवले, दुहेरी शिलाईसकट, अपघात झाला तरी कोणाला इजा होणार नाही असे. ओव्हाळसाहेब रोज येऊन लेव्हल तपासत. वर दारूगोळा ठेवला असता तरी घरंगळला नसता. खेळायला पैसे नकोत असे मी आधीच बजावले होते, म्हणून लहान-मोठे वॉशर आणून त्यांना रंग दिला. एवढ्या काळात कंपन्यांनी नवी गाडी बाजारात आणली असती. माझा शिवणवर्ग याच खोलीत चालायचा, तो वरच्या गॅलरीत गेला. मला कोणी विचारले नाही. मीही काही बोलले नाही, कारण ओट्यावर आता कोणी बसत नव्हते.

फोटोतल्या टेबलाला एका लांब बाजूला मध्येच खाच होती, माणसाचे पोट आत जाईल एवढी. तिथे फोम नाही, पेला ठेवायची खोबण नाही. चहा देताना मी विचारले, "ही कशाला?"

"ड्रॉइंगमध्ये आहे," हे म्हणाले.

टूलरूमचा कायदा असा, की ड्रॉइंगमध्ये असेल ते करायचे. का आहे, हे विचारणे दुसऱ्या खात्याचे काम. दत्तोबांनी मात्र उलगडा केला. "वहिनी, ही पोटवाल्या मान्साची सोय हाय. मोठ्या लोकांची पोटं मोठी असत्यात." आणि स्वतः खाचेत बसून दाखवले. अगदी मापात बसले. खाच मंजूर झाली.

टेबल पुरे झाले त्या रविवारी सुजितला व्हिडिओ कॉल लावला. खाचेत ऐटीत बसलेले दत्तोबा पाहून तो हसून लोळायचा राहिला. "बाबा, ती डीलरची जागा! तो खेळत नाही. तो फक्त पत्ते वाटतो."

फोन बंद झाला. चौघांपैकी कोणालाच न खेळता बसायचे नव्हते. मग चौघांनीही एकदमच स्वयंपाकघराकडे पाहिले.

तेव्हापासून दर रविवारी दुपारी त्या खाचेत मी बसते. खेळ सुजितने फोनवरून शिकवला, तो सर्वांत आधी मला आला. दोन पत्ते ज्याच्या त्याच्या हातात, पाच मध्ये, आणि त्यावरून आरडाओरडा. माझ्या हातात एकही पत्ता नसतो. मी वाटते, मोजते, भांडण सोडवते आणि मधूनच उठून चहा ठेवते.

कलम ३. किरकोळ वस्तू.

शिलाई मशीन, पाटल्या व बँकेतील ठेव निशिगंधेला. मंगळसूत्र सून सौ. अंजलीला. कापड कापायची माझी मोठी कात्री जयसिंगरावांना. टेबल बनवताना मला न विचारता त्यांनी ती रेक्झिनवर चालवली. त्या दिवसापासून तिने एक ब्लाऊजपीस नीट कापलेला नाही. त्यांनी ती घरात दिसेल अशी टांगावी.

कलम ४. स्वकष्टार्जित मिळकत.

खाचेत बसून सगळ्यांची तोंडे बघता बघता मी जे ज्ञान मिळवले, ती माझी एकटीची कमाई आहे. ती मी सौ. अंजलीला देते. ती रावेतहून आली की दारात उभी राहून खेळ बघते. तिला तो चांगला कळतो, हे तिच्या नवऱ्याला अजून कळलेले नाही. तर अंजली, लक्षात ठेव. जयसिंगरावांकडे काही नसले की ते चहा मागतात. ओव्हाळसाहेब थापा मारताना फार अदबीने बोलतात. दत्तोबांकडे चांगले पत्ते आले की ते गप्प बसतात, एरवी हा चमत्कार पाहायला मिळत नाही. आणि तुझे सासरे चांगले पत्ते आले की इतरांची काळजी करू लागतात.

आजही रविवार असल्याने चौघे टेबलाभोवती बसले आहेत आणि लिहीन ते कलम मी त्यांना वाचून दाखवते आहे. हे कलम ऐकून जयसिंगराव म्हणाले, "वहिनी, हे काढा राव. आमचा सगळा खेळच गेला की." मी काढले नाही. मग त्यांनी चहा मागितला.

कलम १ वाचून दाखवले तेव्हा श्री. धनेश यांचा चेहरा उतरला होता. ते आत्ता बोलले.

"मला विकायचा हक्कच नाही?"

"तुम्हाला विकायचंय का?"

"नाही."

"मग हवाय कशाला?"

"तसं नाही. उद्या सुजितनं विचारलं तर त्याला काय सांगू?"

"सांगा, तुझ्या आईनं मला हक्कच ठेवला नाही. खुशाल माझ्या नावावर खपवा. भांडायला मी इथे नसेनच."

दत्तोबा हळूच म्हणाले, "धनेशराव, वहिनींनी तुमच्या वाटचं 'न्हाई' म्हणून ठिवलंय." दत्तोबा एवढे बोलून खरोखरच गप्प बसले.

कलम ५. खाचेची जागा.

माझ्या पश्चात ती जागा अंजलीला किंवा घरातल्या दुसऱ्या कोणत्याही बाईला देऊ नये. तिथे श्री. धनेश यांनी बसावे. बाराव्या-तेराव्याची गर्दी सरली की पहिल्याच रविवारी बसावे, सुतक-बितक सांगू नये. मी त्यांना ओळखते. खुर्चीत बसले की हे आपल्या दोन पत्त्यांत तोंड खुपसतात, शेजारी कोण आहे याचा पत्ता नसतो. खाचेत बसणाऱ्याला स्वतःचे पत्ते नसतात, म्हणून त्याला समोरचे दिसतात. त्यांनी तिथून बघावे, की ही तीन माणसे देहूरोडहून, चाकणहून, मागच्या आळीतून उन्हाची कशासाठी येतात. पोकर चांगला खेळतात म्हणून तर नक्कीच नाही. या टेबलाने मला माझा नवरा परत दिला. हे मी आजवर बोलले नाही, कारण ते डोक्यावर बसले असते. आता लिहिते. मी गेले म्हणून त्यांनी पुन्हा ओट्यावर जाऊन बसू नये. एवढ्यासाठीच हा सगळा कागद आहे, बाकीची कलमे वकिलांनी सांगितली म्हणून घातली.

हेही वाचून दाखवले.

"मी नाही बसणार तिथे," हे म्हणाले.

"का?"

"ती तुझी जागा आहे."

"अहो, मी नसेन तेव्हाचं चाललंय."

"मला आत्ताचं कळतं, विजया. नंतरचं तू लिही." असे म्हणून ते उठले आणि टेबलाला वळसा घालून माझ्याजवळ आले. "ऊठ. माझ्या खुर्चीत बस. आज मी वाटतो."

ओव्हाळसाहेबांनी उठून खुर्ची मागे ओढून धरली. मी कागद-पेन घेऊन पलीकडे जाऊन बसले. जयसिंगरावांनी लावलेला फोम खरोखर उत्तम आहे. आजवर मला कोपर टेकायला मिळाले नव्हते, त्यामुळे हे ठाऊक नव्हते.

श्री. धनेश पत्ते वाटत आहेत. अगदी गबाळेपणाने, एक पत्ता उलटा पडला, एक खाली गेला. त्यांचे डोळे पत्त्यांवर नाहीत. ते एकेकाच्या तोंडाकडे बघत आहेत आणि सगळ्यात जास्त वेळ माझ्याकडे. दत्तोबांनी माझ्यापुढे वॉशरची चळत सरकवली आहे.

माझ्यापुढे दोन पत्ते आले आहेत. ते काय आहेत, हे इथे लिहीत नाही, कारण दोन्ही साक्षीदारांनी सही करण्यापूर्वी हा कागद पूर्ण वाचायचा आहे. एरवी त्यांनी वाचल्याचे नुसते नाटक केले असते, पण आज शब्द न् शब्द वाचतील. यापूर्वी मी दुसरे मृत्युपत्र केलेले नाही. गुरुवारनंतर परत आले तरी हे असेच राहील, फक्त खाचेत मी बसणार नाही. आता थांबते. माझी पाळी आहे आणि सगळे खोळंबले आहेत.

ठिकाण: चिखली, पुढची खोली
दिनांक: ८ फेब्रुवारी २०२६, रविवार

(सही) विजयश्री धनेश हुंबे

विजयश्रीवहिनींनी आमच्या डोळ्यांदेखत, पूर्ण शुद्धीत, डाव्या हाताने आपले पत्ते झाकून धरून वर सही केली. त्यांच्यासमोर आणि एकमेकांसमोर आम्ही सह्या करत आहोत. या कागदातून आम्हाला काहीही मिळालेले नाही.

साक्षीदार १. (सही) बुद्धरत्न ओव्हाळ, देहूरोड

साक्षीदार २. (सही) दत्तोबा मोरे, चिखली

जयसिंगराव यांना कात्री मिळाली असल्यामुळे साक्षीदार होता आले नाही. ते चहा ठेवायला आत गेले आहेत.